गेटवर दिलेली मांजरं

तिची जीभ तोंडात गेलीय का बघ जरा. बाहेरच लोंबतेय? मग ओल्या कापसाने पूस आणि कूस बदल. भूल उतरायला अजून तासभर तरी लागेल. ऑपरेशन झालेली पाच मांजरं टेबलाखाली घोरतायत आणि आपण चौघंच जागे. तेव्हा असे जवळ बसा. तो बाहेरचा दिवा तेवढा घालवा, किडे येतात.

मघाशी तुमच्यातलं कोणीतरी म्हणालं, ‘काका, मांजर एकदा चांगल्या घरी दिलं की आपण सुटलो.’ तसं नसतं. का ते सांगतो. ऐकीव नाही हे. जिच्या बाबतीत घडलं ती बाई मी जनावरांच्या दवाखान्यात कंपाउंडर होतो तेव्हा एक दिवसाआड आमच्याकडे यायची. तिने सांगितलं तसं सांगतो, आणि शेवटचं थोडं माझ्या डोळ्यांनी पाहिलेलं आहे.

प्रसूतिगृहात नर्स होती ती. आम्ही सगळे नर्सबाईच म्हणायचो. चाळिशी ओलांडलेली, अंगाने काटकुळी, तोंडाने फटकळ. ‘आमची ही दिवसभर माणसांची पोरं जन्माला घालते आणि रात्री मांजरांना पोरं होऊ नयेत म्हणून पळते,’ असं तिचा नवरा हसत सांगायचा. खरंच होतं ते. ड्युटी संपली की मांजरांसाठी काम करणाऱ्या आमच्या गटाची जुनी व्हॅन काढायची, गल्लीबोळांत पिंजरे लावून बसायचं, पकडलेली मांजरं नसबंदीला आमच्याकडे आणायची, जखम भरली की जिथून उचलली तिथे सोडायची. जी सोडण्यासारखी नसतील, आंधळी, लंगडी, फार माणसाळलेली, त्यांच्यासाठी घर शोधायचं. वर पालिकेत अर्जांवर अर्ज. तिथले साहेब तिला लांबून पाहिलं की जेवायला जायचे, मग सकाळचे दहा का वाजलेले असेनात.

तिची एक खोड होती, ती कोणालाच माहीत नव्हती. हाताखालून गेलेल्या प्रत्येक मांजराला ती नाव ठेवायची, पण मनातल्या मनात. वहीत लिहायचं नाही, तोंडाने उच्चारायचं नाही. नाव तोंडावर आलं की हात सुटत नाही, असं तिचं म्हणणं. नवऱ्यालासुद्धा तिने कधी सांगितलं नव्हतं.

आता दुसरा माणूस. गावाबाहेर, मोकळ्या प्लॉटांच्या पलीकडे एक बैठा बंगला होता. त्यात एक निवृत्त ग्रंथपाल एकटे राहायचे. सत्तरीचे. इस्त्रीचा शर्ट, अंगाला पावडरचा वास, बोलणं साखरेत घोळलेलं. गटात त्यांना सगळे आजोबा म्हणायचे. कोणाला नको असलेलं मांजर आजोबांना चालायचं. फोन केला की म्हणायचे, ‘आणा, आणा, लेकराला आणा.’ गेटवर उभे असायचे. आपण मांजर त्यांच्या हातात द्यायचं, ते छातीशी धरून आत जायचे. घर बघू म्हटलं तर ओठांवर बोट. ‘सगळी झोपलीत हो आता. पुढच्या वेळी नक्की.’

मग चार दिवसांनी फोटो यायचा. खिडकीत बसलेली गुबगुबीत मांजरं, निळ्या वाटीत दूध, खिडकीबाहेर फुललेलं झाड. गटात सगळे हात जोडायचे, बदाम पाठवायचे. देवमाणूस म्हणायचे. तीन वर्षांत साठाच्या वर मांजरं त्या गेटमधून आत गेली. नर्सबाईने स्वतः नऊ दिली.

फोटोतलं ते झाड वर्षाचे बारा महिने फुललेलं असतं, हे तिच्या लक्षात आलं होतं. हे सगळं घडलं त्याच वर्षी, जानेवारीत. तिने फोटो मोठा करून पाहिला, परत लहान केला आणि फोन बाजूला ठेवला. दुसऱ्या दिवशी एका लंगड्या बोक्यासाठी आजोबांनाच फोन लावला. हे तिने मला सांगितलं तेव्हा माझ्याकडे बघितलं नाही.

तर... मार्च महिना. चौदा तारीख, गुरुवार. डिसेंबरात तिने आजोबांना एक केशरी मादी दिली होती, पोटाला गाठ असलेली. बाहेरगावचे मोठे सर्जन शुक्रवारी सकाळी सात वाजता आमच्या दवाखान्यात येणार होते, आणि त्या मादीचा पहिला नंबर लागला होता. मांजर रात्रीपासून उपाशी हवं, म्हणून ते आदल्या रात्रीच आणून ठेवायचं ठरलं. आजोबांना आठवडाभर फोन लागत होता पण ते उचलत नव्हते. म्हातारा माणूस, ऐकू येत नसेल, असं सगळ्यांनी धरून चाललं. आधी सतत निरोप यायचे, ‘खातेपिते, मजेत आहे.’ मग काळजी कशाला?

दहाला ड्युटी संपली. नर्सबाई गणवेशावरच व्हॅन घेऊन निघाली. बंगल्यासमोर गाडी लावली तेव्हा घड्याळात दहा चाळीस झाले होते. एका पिंजऱ्यापुरतं काम. अकरा वाजता घरी पोचते, असं नवऱ्याला कळवून ती उतरली.

गेट उघडं होतं. आजोबा नव्हते. घरात दिवा नव्हता. तिने फोन लावला तर आत कुठेतरी घंटी वाजली आणि वाजून थांबली.

ती ओट्यावर चढली आणि तिथेच तिला वास लागला. आता वास म्हणजे मांजरांच्या घराला असतो तसा नाही. त्याला आपण सरावलोय. हा डोळ्यांत शिरणारा. मुताचा उग्र, झोंबणारा, आणि त्याच्या खाली दुसरा एक... गोडसर. हॉस्पिटलात वीस वर्षं काढलेली बाई ती. दुसरा वास कसला ते तिला ताबडतोब कळलं.

“आजोबा?” तिने दार वाजवलं.

“दार लोटलेलंय. या.”

आवाज घोगरा, बसलेला. घशात केस अडकल्यासारखा. आजारी पडले वाटतं, तिने मनात म्हटलं आणि दार ढकललं. बटण दाबलं, बल्ब गेलेला होता. मग फोनचा टॉर्च लावला.

पोरांनो, मी सांगतो ते थोडक्यात सांगतो. कारण मीही दुसऱ्या दिवशी ते पाहिलंय, आणि अजून जेवताना मध्येच आठवलं तर ताट सारतो.

खाली फरशी दिसत नव्हती. वर्तमानपत्रांचे थरावर थर, भिजून, वाळून, परत भिजून लगदा झालेले. पाय टाकला की मऊ लागायचं. उचलला की चप्पल चिकटून मागे राहायची. भिंतीला लागून छतापर्यंत पिंजरे. पिंजऱ्यावर पिंजरा. वरच्याची घाण खालच्यात. वाट्यांवर हिरवी बुरशी, तिच्यावर झुरळं. आणि पिंजऱ्यांत... काही फक्त कातडी उरलेली. काही अजून हलत होती. तिने जवळ जाऊन टॉर्च मारला, तर मांजर हलत नव्हतं. त्याच्या आतलं हलत होतं.

डाव्या कानांची टोकं कापलेली. नसबंदीची खूण. म्हणजे आमचीच सगळी. आमच्याच टेबलावरून गेलेली.

नर्सबाई दाराशी वाकली आणि ओकली. दोनदा. तोंड बाहीला पुसलं आणि ओरडली, “अहो, काय केलंत हे? माणूस आहात का कोण आहात?”

समोर आतल्या खोलीचं बंद दार होतं. आवाज तिकडून आल्यासारखा वाटला. “उठवत नाही.”

“नकाच उठू. मरा तिथेच!” ती म्हणाली. तोंडातून गेलं ते गेलं. ओढणी नाकाला बांधून ती मागे फिरली. तिला वाटलं, आता गाडीत बसावं, पोलिसांना फोन करावा आणि या घराकडे परत बघू नये.

“वकील जिवंत आहे,” आवाज म्हणाला. “कपाटावर.”

तिने टॉर्च वर केला. कपाटाच्या माथ्यावर दोन डोळे. काळा-पांढरा बोका, काळ्या कोटात पांढरा गळा. बरगड्या मोजाव्यात इतका वाळलेला. तिने स्टूल ओढलं, चढली, त्याला मानेला धरून खाली घेतला. त्याने पंजासुद्धा मारला नाही. गाडीत नेऊन ठेवला आणि परत येताना मध्येच थबकली.

वकील...

हे नाव तर तिचं होतं. मनातलं. मग तिने स्वतःचीच समजूत घातली. काळा कोट, पांढरा गळा. कोणीही वकीलच म्हणेल. आजोबांनाही सुचलं असेल.

तिने दारातून विचारलं, “अजून किती जिवंत आहेत?”

“अकरा. पिंजऱ्यातलं कोणी नाही. मोकळी होती ती.” जरा थांबून, “उशिरा. शिलाई मशीनच्या मागे.”

उशिरा हेही तिनेच मनात ठेवलेलं नाव. ही करड्या रंगाची मादी पिंजऱ्यात शिरायला चार तास लावून गेली होती. रात्री दहाचं काम पहाटे दोनला झालं होतं, म्हणून उशिरा. हे नाव कोणाला सुचणार? कशावरून सुचणार?

पण मशीनच्या मागे ती होती. जिवंत होती. आणि जिवंत जनावर समोर असलं की त्या बाईचे हात थांबत नसत. तिने विचार बाजूला ठेवला आणि वाकली.

मग तसंच चाललं. आवाज सांगायचा, ती जायची. ‘टांग्या. मोरीत, बादलीमागे.’ मोरीतला नळ थेंब थेंब गळत होता. त्या पाण्यावर जगली होती ती सगळी. आणि खात काय होती ते विचारू नका. तिने पाहिलं. ‘दोन पिल्लं. पुस्तकांच्या खोक्यात. तिसऱ्याला हात लावू नका.’ पिंजरे संपले, मग खोकी, मग व्हॅनमधले टॉवेल. तिच्या कोपरापर्यंत घाण. केसांत, पापण्यांवर माश्या. एकदा तोल जाऊन हात भिंतीला टेकला, तर भिंत ओली होती.

अकरावं मांजर गाडीत ठेवून ती परत ओट्यावर आली. साडेअकरा झाले होते. तिने नाकावरची ओढणी घट्ट केली आणि विचारलं, “आणि ती केशरी? गाठवाली? तिच्यासाठी आले होते मी.”

ती एक पाऊल आत आली.

“आजोबा, विचारतेय मी.”

“भोपळी...” आवाज खाली गेला. “ती कधीच गेली. दिलीत त्याच आठवड्यात.”

“त्याच आठवड्यात? मग खातेपिते म्हणून रोज निरोप कोण पाठवत होतं? नंबर लावला मी तिचा! सर्जन यायचेत उद्या!”

“तुम्ही विचारत होतात. निरोप येत होता.”

एवढंच. त्यात राग नव्हता, काही नव्हतं. नर्सबाई मला म्हणाली, काका, त्या घरात मला इतकी किळस कशाचीच आली नाही, जितकी ते वाक्य ऐकून माझी मला आली.

“झालं,” आवाज म्हणाला. “आता जा. आतलं दार उघडू नका.”

ती वळली. ओट्याची एक पायरी उतरली. आणि थांबली. कितीही झालं तरी नर्स होती ती. आत आजारी म्हातारा माणूस, उठता येत नाही, रात्रीची वेळ. तो कसाही असो. त्याला असा टाकून गेली असती तर उद्या वॉर्डात कोणत्या तोंडाने उभी राहिली असती?

ती परत आत गेली. पिंजऱ्यांच्या मधल्या बोळातून. आतल्या दारापाशी.

दाराला चौकटीवर लाकडी खिटी होती. फिरणारी. ती आडवी होती.

म्हणजे दार बाहेरून बंद होतं.

तिने खिटी फिरवली. दार ओढलं. टॉर्च आत धरला.

खोली स्वच्छ होती. चादर इस्त्रीची. खुंटीवर शर्ट. कोपऱ्यात पावडरचा डबा. एकही मांजर नाही.

आजोबा दाराशीच होते. जमिनीवर. पालथे. हात दाराकडे. काळे पडलेले, फुगून परत बसलेले. बोटांची नखं...

ती जवळ गेली नाही. जायची गरजच नव्हती. मेलेलं माणूस किती दिवसांचं ते तिला कळत होतं. आठ. नऊ. जास्तच.

टॉर्च तसाच.

नळाचा थेंब.

परत थेंब.

मग...

“सांगितलं होतं ना.”

मागून आला. खोलीतून नाही. तिच्या मागून. पिंजऱ्यांतून. गुडघ्याच्या उंचीवरून.

तिने मागे पाहिलं नाही.

बाहेर जायला वाट एकच. त्या बोळातून. तिने डोळे मिटले. हात अंगाशी घेतले. चालली. दोन्ही बाजूंना जाळ्या. उजवीकडे काही नाही. डावीकडे काही नाही. मग दोन्हीकडून... जाळीला नाक लावून हुंगल्यासारखं. एक. मग दुसरं. मग सगळ्याच.

कोणी तिला धरलं नाही. नुसतं हुंगलं.

रात्री बारा वाजून दहा मिनिटांनी तिने आमच्या दवाखान्याची बेल वाजवली. मी मागच्या खोलीतच झोपायचो. दार उघडलं. समोर ही. गणवेश कसला ते ओळखू येत नव्हतं. ‘काका, आधी मांजरं घ्या’ म्हणाली आणि पायरीवर बसली. मी एकेक उतरवून घेतलं, सलाईन लावली, डॉक्टरांना उठवलं. पोलिसांना मीच कळवलं. ती सकाळपर्यंत नळाखाली हात धरून उभी होती.

पोलिसांचं म्हणणं सरळ होतं. म्हातारा झोपायला आत गेला, वाऱ्याने दार आपटलं, खिटी सैल होती, ती आपोआप पडली. खिडकीला गज, फोन बाहेरच्या खोलीत चार्जरला लावलेला, शेजार नाही. तहानेने गेला. आवाजाचं नर्सबाईने सांगितलं तेव्हा साहेबांनी लिहिता लिहिता पेन थांबवलं आणि म्हणाले, ‘बाई, त्या वासाने कोणालाही भास होतील.’ त्यांचंही खोटं नव्हतं. दोन हवालदार बाहेर झुडपात ओकत होते.

अकरातली आठ जगली. वकील तिच्याच घरी गेला, अजून आहे.

आठवड्याने गटाची बैठक झाली. कोणी म्हणालं, झालं ते झालं, बाहेर बोलू नका, लोक आपल्याला मांजरं देणार नाहीत. कोणी म्हणालं, आपण काय करणार, म्हाताऱ्याने फसवलं. नर्सबाई उभी राहिली. “फसवलं नाही त्याने. आपल्याला हलकं व्हायचं होतं, त्याने हलकं केलं. मी नऊ दिली. एकदाही आत गेले नाही. तुम्ही किती दिली ते बोला.”  दोघं उठून गेले, ते परत आलेच नाहीत. मग ती पालिकेत गेली. साहेब म्हणाले, ‘अहो, शेवटी मांजरंच ना?’ तिने दवाखान्यात धुवायला टाकलेला तो गणवेश पिशवीतून काढला आणि त्यांच्या टेबलावर ठेवला. न धुतलेला. त्या दिवशी साहेब जेवायला गेले नाहीत. मांजरं सांभाळतो म्हणणाऱ्याच्या घरी महिन्याला आत जाऊन तपासणी, हा नियम त्यानंतर पाच महिन्यांनी झाला.

आता एक राहिलं. हे मी नर्सबाईला सांगितलेलं नाही. तुम्हीही सांगू नका.

शुक्रवारी सकाळी पंचनामा झाल्यावर मेलेली मांजरं उचलायला मी आणि डॉक्टर गेलो होतो. पोती भरता भरता मी त्या आतल्या दारापाशी आलो. खिटी पाहिली. माझ्या छातीच्या उंचीवर होती. पोलीस म्हणाले तशी सैल नव्हती. मला जोर लावून फिरवावी लागली.

फिरवताना बोटांना काहीतरी लागलं. मी चष्मा लावून वाकलो. लाकडावर दातांच्या खुणा होत्या. बारीक, जोडीजोडीने. खिटीच्या टोकाला, जिथे माणूस बोट लावतो तिथे. आतलं लाकूड अजून पांढरं दिसत होतं, इतक्या ताज्या. पंचवीस वर्षं मांजरांचे जबडे उघडलेत मी. मला कोणी सांगायला नको.

मग मी त्या दाराच्या बाहेरच्या अंगावर खालपासून वरपर्यंत हात फिरवला. चौकटीवर फिरवला. जुना रंग होता, नख लागलं तरी निघेल असा. जवळ ना टेबल, ना खुर्ची, ना पिंजरा.

त्या दारावर एक ओरखडा नव्हता.